न दाबलेली कळ

"काय दिसतंय, बाई?"

"दिवा. अगदी बारीक."

"आणि?"

"हलतोय, सर. डावीकडे चाललाय. आता थोडा वर गेला. थांबला. नाही, पुन्हा निघाला."

"कोण हलवतंय त्याला?"

"तुम्हीच की."

लाकडी पार्टिशनच्या पलीकडून पाळंदेसर हसले. मग दार उघडल्याचा आवाज झाला, उजेड आत आला आणि मी डोळे चोळत समोर पाहिलं. दिवा म्हणजे बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्याला पाडलेलं सुईएवढं भोक होतं, आत टॉर्चचा बल्ब. डबा पार्टिशनमध्ये चारी बाजूंनी खिळे ठोकून बसवलेला होता. मी उठले आणि तो दोन्ही हातांनी हलवून पाहिला. तो तसूभरही हलला नाही.

"हलवून पाहिलात ना?" सरांनी विचारलं. "जो हलवून पाहत नाही त्याला मी घेत नाही. आता पुन्हा बसा खुर्चीत."

पुन्हा अंधार झाला. डबा पक्का आहे हे मला आता ठाऊक होतं, माझी बोटं अजून दुखत होती. पलीकडे कळ टक् करून वाजली, दिवा उगवला आणि जरा वेळानं निवांतपणे उजवीकडे चालू लागला.

"माहीत असून काही फरक पडत नाही," पलीकडून सर म्हणाले. "काळोखात एकटाच दिवा दिसला की डोळा त्याला चालवतोच, हीच तर गंमत आहे. सोमवारपासून कामाला या."

ही माझी मुलाखत. पुढे त्याच विभागात मी उभा जन्म काढला, तिथूनच निवृत्त झाले, कितीतरी जणांच्या मुलाखती घेतल्या. एवढी सोपी आणि एवढी अवघड मुलाखत मी पुन्हा पाहिली नाही.

विद्यापीठ नवं होतं. इमारती नकाशात होत्या आणि विभाग मिळेल त्या जागी बसवले होते. आमच्या वाट्याला आलं होतं एका बंद पडलेल्या जिनिंग फॅक्टरीचं गोदाम. माझं माहेर हिंगणघाटचं, त्यामुळे मला कापसाचं नवल नव्हतं. पण त्या गोदामाचं मात्र होतं. गाठी उचलून नेल्याला बरीच वर्षं झाली होती, तरी वाशांत, कौलांच्या फटींत कापूस अडकून राहिला होता. दुपारी वारा सुटला की तो सुटायचा आणि अगदी सावकाश खाली यायचा. सर शिकवत असायचे, मुलं लिहून घेत असायची आणि सगळ्यांच्या केसांवर, वह्यांवर कापूस उतरत असायचा. तिथल्या दुपारी आठवल्या की मला अजून सुखाची गुंगी येते.

डॉक्टर विश्वनाथ पाळंदे मूळचे कोकणातले. या आधी दोन विद्यापीठांत त्यांनी मानसशास्त्राचा विभाग उभा केला होता. दोन्हीकडे तो तत्त्वज्ञानाच्या पोटातून वेगळा काढायचा, चार उपकरणं जमवायची, माणसं तयार करायची आणि निघायचं. "मी सुईण आहे," ते म्हणायचे. "सुईणीनं बाळाजवळ रेंगाळायचं नसतं." आमचा विभाग त्यांचा तिसरा. मात्र या वेळी ते निघायचं नाव काढत नव्हते, आणि बाळ अजून कायदेशीर जन्मलंही नव्हतं. विभागाला विद्यापीठाची कायम मंजुरी मिळायची होती. ती मिळाली नाही तर आम्ही तत्त्वज्ञान विभागातला एक पेपर होऊन परत जाणार होतो. मुलं दुसरीकडे, उपकरणं कपाटात आणि मी हिंगणघाटला. तिथे माझ्या थोरल्या भावानं दोन स्थळं बघूनच ठेवली होती, त्यांतलं एक तर किराणा दुकानासकट.

सरांचे प्रयोगशाळेतले नियम फार नव्हते. ज्याला आपण खुर्चीत बसवतो आणि ज्याच्यावर प्रयोग करतो, त्याला आम्ही प्रयुक्त म्हणायचो. पहिला नियम असा, की जो दुसऱ्याला खुर्चीत बसवतो त्यानं स्वतःही बसायचं. विभागप्रमुखालाही त्यातून सूट नाही. आणि दुसरा, प्रयुक्ताला दुरुस्त करायचं नाही. त्याला हत्ती दिसला तर हत्ती लिहायचा. "त्याला काय दिसायला हवं होतं ते आपल्याला माहीत असतंच," सर म्हणायचे. "आपण तिथे बसलोय ते त्याला काय दिसलं, यासाठी."

नियम दोनच असले तरी शिस्त कडक होती. खुर्ची भिंतीला टेकलेलीच हवी. स्टूल दाराच्या डाव्या अंगाला. चहाचा कप टेबलाच्या उजव्या कोपऱ्यात, दुसरीकडे ठेवला तर सर रागावायचे. आलेली पत्रं, मुलांचे पेपर ते मला मोठ्यानं वाचायला लावायचे. "कानावर पडलं की चूक लगेच कळते," असं म्हणायचे. आम्ही कोण आलो ते चपलांवरून ओळखायचे आणि त्याचा त्यांना अभिमान होता. हे सगळं मला विद्वान माणसाचं विक्षिप्त वागणं वाटायचं. विद्वान मी तोवर फारसे पाहिले नव्हते.

समिती शुक्रवारी यायची होती. त्या आठवड्याच्या सोमवारी दुपारी सर म्हणाले, "चला बाई, आज मी खुर्चीत. तुम्ही कळीवर."

मी पार्टिशनच्या मागे गेले. तिथे टेबलावर तारेची जुनी पितळी कळ होती, पोस्टातून मोडीत निघालेली. ती दाबली की टक् असा खणखणीत आवाज व्हायचा आणि डब्यातला बल्ब लागायचा. मागच्या बाजूला बसणाऱ्याला दिवा दिसत नसे, डब्याला झाकण होतं. कळीवर कुणीतरी एक जाड पुस्तक ठेवून गेलं होतं. शनिवारी मुलांचं प्रात्यक्षिक झालं होतं, त्यांचाच निष्काळजीपणा. मी पुस्तक बाजूला केलं, अंधाराला डोळे सरावेपर्यंत थांबले आणि कळ दाबली.

टक्.

"उगवला," सर म्हणाले.

मी अंधारातच कागदावर पेन्सिल टेकवली. तशी लिहायची सवय झाली होती.

"डावीकडे जातोय. सावकाश." पुन्हा बोलले तेव्हा त्यांचा आवाज नेहमीचा राहिला नव्हता. "आमच्या खाडीत संध्याकाळी होड्या परत यायच्या. पुढे कंदील बांधलेला असायचा. होडी दिसायची नाही, नुसता कंदील यायचा. तसा येतोय. आता पाण्यावर आल्यासारखा जरासा डुलतोय. वळला. वळून किनाऱ्याकडे येतोय, बाई."

असं कुणी कधी सांगितलं नव्हतं. लोक सांगायचे डावीकडे, उजवीकडे, वर. मी शब्द न् शब्द लिहून घेतला. खाडी मी जन्मात पाहिली नव्हती, पण त्या दुपारी त्या काळ्या खोलीत मला पाण्याचा वास आला, असं मी आजही शपथेवर सांगेन.

सर बाहेर गेल्यावर मी आवरायला लागले. डब्याचं झाकण उघडून बल्बला हात लावला. गार होता. कळ दाबली. टक् झालं, बल्ब तसाच. मग मी बॅटरी काढली आणि तिच्या दोन्ही पट्ट्या जिभेला लावल्या. बॅटरीत जीव असला तर जिभेला झिणझिणी येते. काही आलं नाही. पुस्तकाखाली कळ शनिवारपासून दाबलेली होती आणि बॅटरी केव्हाच संपून गेली होती.

मी तिथेच स्टुलावर बसले.

हळूहळू एकेक गोष्ट आपल्या जागी येऊन बसली. भिंतीला टेकलेली खुर्ची. उजव्या कोपऱ्यातला कप. मोठ्यानं वाचलेली पत्रं. वर्षभर मी त्यांच्यासमोर बसत होते आणि ते माझ्या आवाजाकडे बघत होते. मला रडू आलं ते आधी सरांसाठी आणि मग, खरं सांगायचं तर, किराणा दुकानासाठी.

चौकीदाराकडून बाजारातून नवी बॅटरी मागवली आणि बसवली. सरांना काही बोलले नाही. काय बोलणार होते? तुम्हाला दिसलं ते तिथे नव्हतं, हे? ते न सांगायचं तर त्यांनीच शिकवलं होतं.

शुक्रवारी चौकीदार सुखदेव धावत आला. "बाई, पावने आले जी. मोटर फाटकात उभी हाय."

समिती म्हणजे दोन माणसं. एक प्राध्यापक टिपणीस, पदार्थविज्ञानाचे, उंच आणि घाईचे. दुसरे प्राचार्य सदाशिव आठल्ये, तत्त्वज्ञान विभागाचे प्रमुख. म्हणजे ज्यांच्या पोटातून आम्ही निघालो होतो तेच. हे आमच्या विभागाच्या उघड विरोधात होते. "मन मोजणार म्हणे. कशानं, पायलीनं की अदपावानं?" असं ते भर सभेत म्हणाले होते आणि ते वाक्य विद्यापीठभर झालं होतं. मी त्यांना मनातल्या मनात भरपूर नावं ठेवली होती. प्रत्यक्षात ते बुटके, धोतरातले, चेहऱ्यावर झोप असलेले गृहस्थ निघाले.

सर दारात उभे होते. टिपणीसांनी हात पुढे केला. सरांनी त्याच वेळी हात जोडले आणि नमस्कार केला, टिपणीसांचा हात तसाच राहिला. मग टिपणीसांनी काही न बोलता एक छापील पत्रक पुढे धरलं. सरांना ते कळलं नाही. मी पुढे होऊन ते घेतलं. टिपणीसांनी माझ्याकडे पाहिलं, मग सरांकडे, आणि मान हलवली.

चहाच्या वेळी सर मुलांना काही सांगायला आत गेले. मी कप भरत होते. टिपणीस आवाज खाली न आणताच आठल्यांना म्हणाले, "मी ऐकलं होतं ते खरं दिसतंय. यांचे डोळे गेलेत. प्रयोगशाळेच्या प्रमुखाला उपकरणच दिसत नसेल तर त्याच्या प्रयोगांवर कोण विश्वास ठेवील? आणि यांच्याकडे दुसरा प्राध्यापक नाही. मी मंजुरी देणार नाही. तुम्ही घ्या हा विषय परत तुमच्याकडे."

"मला काय," आठल्ये बशीत चहा ओतत म्हणाले. "घरचं पोर घरी येईल."

"मग झालं तर."

"पण ऐकीव गोष्टीवर अहवाल लिहिला तर उद्या कुलगुरू मला विचारतील. बघू तरी. त्यांच्या त्या अंधारकोठडीत बघू."

माझ्या मते त्या क्षणी विभाग संपला होता.

अंधाऱ्या खोलीत आधी आठल्ये खुर्चीत बसले, सर कळीवर. मी भिंतीशी कागद घेऊन आणि टिपणीस माझ्या शेजारी. दार बंद झालं. टक् झालं.

"स्थिर आहे," आठल्ये म्हणाले. मग, "जरासा... नाही. स्थिरच आहे." मग पुन्हा बराच वेळ काही नाही. मग अगदी हळू, "अरे, हा निघाला कुठे?"

दार उघडल्यावर ते उठले, तडक डब्याकडे गेले आणि दोन्ही हातांनी हलवून पाहिला. सरांनी त्यांना त्याच वेळी विभागात घेतलं असतं.

"आता पाळंदेसर बसू देत," टिपणीस म्हणाले. "ज्यानं बसवलं त्यानं बसायचं, असा इथला नियमच आहे ना?"

"आहेच," सर म्हणाले आणि खुर्चीपाशी आले. तिच्या पाठीला त्यांचा हात बरोबर लागला. मी सकाळी ती तीन वेळा नीट ठेवली होती.

"कळीवर मी बसतो," आठल्ये म्हणाले.

टिपणीस सरांच्या बाजूला, भोकाकडे तोंड करून उभे राहिले. दिवा लागला की त्यांना दिसणार होता. दार बंद झालं आणि आम्ही डोळे सरावायची वाट पाहत राहिलो. कौलांवर एक कावळा चालत होता. माझ्या कपाळावर काहीतरी उतरलं, तो कापूस होता.

"सुरू करतोय," पलीकडून आठल्यांचा आवाज आला.

मी समोर पाहिलं. अंधार होता. मी डोळे ताणून पाहिलं. भोक तिथे होतं, मला जागा माहीत होती, पण दिवा नव्हता. मला आधी वाटलं, नवी बॅटरीही गेली. मग लक्षात आलं, की टक् झालंच नव्हतं. आठल्यांनी कळ दाबली नव्हती. तिथे बसून ते वाट पाहत होते, की माझे सर न लागलेला दिवा पाहतात का. सोमवारसारखे सर आता "उगवला" म्हणतील आणि टिपणीसांना हवं ते मिळेल. मी खोकले असते तरी चाललं असतं. खोकायला तोंडही उघडलं. पण कुणाच्या वतीनं खोकायचं, कुणाला दुरुस्त करायचं? मी तोंड मिटलं आणि पेन्सिल घट्ट धरून बसले.

खूप वेळ गेला.

"सदा," सर म्हणाले. आठल्यांना कुणी अरे-तुरे करत असेल असं मला वाटलं नव्हतं. "दिवा कुठाय रे? मला काही दिसत नाही."

पलीकडे खुर्ची करकरली. बोलले ते टिपणीस. "बरोबर आहे. नाहीच आहे दिवा. मी मघापासून पाहतोय." त्यांच्या आवाजात थोडा ओशाळेपणा होता. दार उघडलं गेलं तेव्हा ते पहिल्यांदाच सरांशी आदरानं बोलले आणि उपकरणं कुठून मागवली ते विचारलं.

निघताना टिपणीस पुढे जाऊन मोटारीत बसले. आठल्यांना पोचवायला मी फाटकापर्यंत गेले. माझ्या मनात त्यांच्याबद्दल जे होतं ते चेहऱ्यावर दिसू नये म्हणून मी जमिनीकडे बघत चालले होते.

"फार मोठ्यानं वाजते हो तुमची कळ," ते म्हणाले.

मी थांबले.

"ती वाजली असती तर विसू म्हणाला असता, हलतोय. हलतोय काय, कुणीही म्हणेल. पुस्तकात वाचलेला माणूसही म्हणेल. टिपणीसांची खात्री पटली नसती, त्यांनी पुढे काहीतरी वाचायला दिलं असतं." ते धोतराचा सोगा सावरत होते. "'दिसत नाही' असं म्हणून सुटता येईल अशी ही एकच परीक्षा होती. आवाज आला नाही की तो खरं तेच सांगणार, हे मला माहीत होतं."

"तुम्हाला... सरांचं माहीत होतं?"

"कॉलेजात आम्ही एका खोलीत राहायचो. दिवा मालवायचं काम माझं. मालवला, की त्याला पाणी प्यायला माठ सापडायचा नाही. मी उठून द्यायचो. तेव्हाच कळलं होतं, हे वाढत जाणार."

"पण तुम्ही तर आमच्या विरोधात आहात."

"आहेच. मन मोजता येतं हे मला आजही पटत नाही." फाटकाशी येऊन ते माझ्याकडे वळले. "पण भांडायला समोर कुणी नको का, बाई? सगळं माझ्याच घरात घेऊन मी भांडू कुणाशी? मंजुरी देतोय मी. त्याला मात्र मी हे बोललो ते सांगू नका. कान तल्लख आहेत म्हणून जिंकला, हे त्यालाही ठाऊक असणारच."

मोटार गेली. मी धुळीत उभी राहिले. मोठ्यानं हसावंसं वाटत होतं. किराणा दुकान आता कुणा दुसरीच्या नशिबी जाणार होतं.

सर अंधाऱ्या खोलीतच बसले होते, खुर्चीत, दार सताड उघडं टाकून. पश्चिमेचा उजेड दारातून आत आला होता आणि त्यात कापूस तरंगत होता. मी मंजुरीचं सांगितलं. ते लहान मुलासारखे खूश झाले.

"सदाला वाटलं मी फसेन," ते म्हणाले. "दिवा न लावता बसला लेकाचा. पण मी चांगला निरखून पाहिला. नव्हता म्हणजे नव्हता."

ते काय म्हणत होते ते मला नीट कळलं नव्हतं.

"तुमच्यापासून आता लपवण्यात अर्थ नाही, बाई. बाकीचं सगळं गेलंय. तुमचा चेहरा कसा आहे हे मला माहीत नाही. पण हा दिवा अजून दिसतो. का कोण जाणे, पण दिसतो. म्हणून तर रोज येऊन बसतो मी इथे. म्हणून हे गाव सोडवत नाही."

आता मला कळलं. आठल्ये समजत होते, की सरांनी कानानं ओळखलं. आणि सर समजत होते, की त्यांनी डोळ्यांनी ओळखलं. मी दाराची चौकट धरून उभी राहिले. सर हसत होते, आणि मग त्यांचं हसू हळूहळू थांबलं. त्या चेहऱ्यावरून मी विचार सरकताना पाहिला. आयुष्यभर त्यांनी दुसऱ्यांच्या बाबतीत केला तोच विचार.

"सदानं कळ दाबली नव्हती," ते म्हणाले. "म्हणजे आवाजही झाला नव्हता."

"नव्हता, सर."

"सोमवारी तुम्ही नवी बॅटरी मागवलीत. सुखदेवाशी बोलताना मी ऐकलं. ती मी खुर्चीत बसण्याआधी, की नंतर?"

मी गप्प राहिले.

"आता मी प्रयुक्त नाही, बाई. विभागप्रमुख म्हणून विचारतोय."

"नंतर, सर."

उजेड दारातून मागे मागे सरकत गेला. त्यांच्या खांद्यावर कापूस बसला होता, तो मी झटकला नाही. माझ्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते त्यांना दिसत नव्हतं याचा मला आयुष्यात त्या एकदाच आधार वाटला.

"टक् झालं आणि मी पाहिलं," ते शेवटी म्हणाले. "मुलांना मी वर्षानुवर्षं हेच शिकवलं. कान हाक देतो आणि डोळा ओ देतो, म्हणून. स्वतःच्या बाबतीत लक्षात आलं नाही, बघा." मग जरा थांबून त्यांनी विचारलं, "काय सांगितलं होतं मी सोमवारी? वाचता?"

मी कपाटातून कागद काढला आणि वाचला. खाडी वाचली, होडी, कंदील, पाण्यावर डुलणं.

"फार सुरेख आला होता हो," सर म्हणाले. "खाली काय लिहिलंत? बॅटरी नव्हती असं?"

"काही लिहिलं नाही. प्रयुक्ताला दुरुस्त करायचं नाही."

"शाबास. मग आता तसंच राहू द्या. खोडू नका."

ते उठतील म्हणून मी पुढे झाले, पण ते उठले नाहीत. त्यांनी हात खुर्चीच्या दांड्यांवर नीट ठेवले आणि पाठ सरळ केली.

"दार लावा, बाई," ते म्हणाले. "कळीवर बसा."

मी दार लावलं. चाचपडत पार्टिशनच्या मागे गेले, कागद समोर घेतला, पेन्सिल टेकवली. माझ्याच श्वासाचा आवाज येत होता. मी कळ दाबली. टक् झालं.

"काय दिसतंय, सर?"

पलीकडे काहीच हालचाल नव्हती. बराच वेळ गेला, इतका की मी कळीवरचं बोट उचलायला निघाले.

"लिहून घ्या," सर म्हणाले. "निघाला."